माझी कर्नल नणंद

ताईंना मी पहिल्यांदा पाहिलं ते माझ्याच लग्नात, आणि तेही जेमतेम वीस मिनिटं. जालंधरहून बेळगावला त्यांची बदली झाली होती आणि मधे मुंबईत गाडी बदलायची होती. तेवढ्या वेळात त्या दादरला उतरून थेट विक्रोळीच्या हॉलवर आल्या, अक्षता टाकल्या, मला आर्मी कॅन्टीनमधली एक जाडजूड चादर दिली, उभ्यानंच जिलेबीचा तुकडा तोंडात टाकला आणि निघाल्या. माझ्या एका मावशीनं हळूच विचारलं, "नवऱ्यामुलाची बहीण मिलिटरीत म्हणे? पण कोणीतरी नर्स आहे म्हणालं." ताईंच्या कानावर ते गेलं. दारातून वळून त्या म्हणाल्या, "कॅप्टन आहे आणि नर्सही आहे. दोन्ही एकदमच." रागावल्या नव्हत्या. कुणी पत्ता विचारावा आणि आपण सांगावा, तसं सांगितलं.

ही १९९३ सालची गोष्ट. माझ्या नवऱ्याची, जयवंतची, ही मोठी बहीण. कुंदा दशरथ धुरी. पुढे त्या लेफ्टनंट कर्नल झाल्या, नगरसेविका झाल्या, आमदार झाल्या आणि राज्याच्या आरोग्य खात्याच्या राज्यमंत्री झाल्या. लोक मला विचारतात, एवढ्या मोठ्या बाईची भावजय म्हणून राहताना कसं वाटतं? मी सांगते, बत्तीस वर्षं झाली, अजून सवय झालेली नाही.

सासरे, दशरथ धुरी, मालवणकडचे. परळच्या एका गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, कामाला होते. संप झाला, गिरणी परत सुरूच झाली नाही, आणि ते विक्रोळीला एका कारखान्याच्या गेटवर वॉचमन म्हणून उभे राहू लागले. ताई तेव्हा बारावीत. शाळेतल्या बाईंनी त्यांना पेपरातली एक जाहिरात कापून दिली. पुण्याला सैन्याच्या कॉलेजात नर्सिंगची पदवी, शिक्षण फुकट, राहणं-जेवण फुकट, आणि नंतर ठराविक वर्षं सैन्यात नोकरी करायची असा करार. ताईंनी गुपचूप परीक्षा दिली आणि पास होऊन कागद घरी आणला.

पोटच्या पोरीला नर्सिंगला पाठवायचं म्हटल्यावर सासूबाईंनी मालवणीत तोंडाचा पट्टा सोडला. "दुसऱ्यांची घाण काढूक चेडवाक धाडतास?" सासऱ्यांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी ताईंना पूर्ण करार वाचून मराठीत सांगायला लावला, एकेक ओळ. मग पेन घेतलं. "सही करतंय गो," ते म्हणाले, "पण मगे रडान परत येव नको."

ताई रडत परत आल्या नाहीत. रडल्या नसतील असं नाही. ते त्यांनी कधी सांगितलं नाही.

रजेवर यायच्या तेव्हा आमच्या दोन खोल्यांत सकाळी पाचला उठून बसलेल्या असायच्या. मी सुरुवातीला घाबरायचे. मोठी नणंद, वर ऑफिसर. पण त्या माझ्या हातातली कणीक घेऊन पोळ्या लाटायला बसायच्या आणि म्हणायच्या, "सुलू, तू माझी सबऑर्डिनेट नाहीस. झोप अजून अर्धा तास." एकदा धीर करून मी विचारलं, "ताई, लग्न का नाही केलंत?" त्यांनी पोळी उलटली. "एक होता. त्याला सिव्हिलमधली बायको हवी होती. मला युनिफॉर्म हवा होता. दोघांना हवं ते मिळालं."

कारगिलच्या लढाईच्या वेळी त्या मेजर होत्या, श्रीनगरच्या लष्करी रुग्णालयात. आम्हाला त्या तीन महिन्यांत दोन फोन आणि एक पत्र आलं. पत्रात सासऱ्यांच्या ब्लडप्रेशरच्या गोळ्यांविषयी सूचना होत्या, बाकी काही नाही. तिथे त्यांनी काय केलं ते आम्हाला कळलं चार वर्षांनी, आणि तेही दुसऱ्याच माणसाकडून.

एका रविवारी दुपारी दार वाजलं. दारात चाळिशीचा माणूस, एक पाय लाकडी, हातात पेढ्यांचा पुडा. साताऱ्याकडचा निवृत्त हवालदार. ताई तेव्हा अंबाल्याला होत्या. "मॅडम नाहीत तर त्यांच्या आईवडलांच्या पाया पडून जातो," म्हणाला. चहा घेता घेता त्यानं सांगितलं. पाय गेल्यावर चार दिवस त्यानं अन्न घेतलं नव्हतं. मरायचं ठरवलं होतं. डॉक्टर समजावून थकले. मग धुरी मॅडम आल्या. त्यांनी समजावलं वगैरे काही नाही. शेजारच्या खाटेवर एक बेशुद्ध शिपाई होता, त्याच्या सलाइनच्या बाटलीकडे बोट दाखवून म्हणाल्या, "माझ्याकडे माणसं कमी आहेत. ही बाटली संपत आली की हाक मारायची. झोपलास तर तो जाईल."

"मग मी जागा राहिलो," हवालदार म्हणाला. "जागं राहायचं तर खावं लागतंच की हो. तो पोरगा अकराव्या दिवशी शुद्धीवर आला. आता पंजाबात ट्रॅक्टर चालवतो. दिवाळीला फोन असतो त्याचा."

माणूस गेल्यावर सासऱ्यांनी पेढ्यांचा पुडा देवापुढे ठेवला आणि तिथेच बसून राहिले.

सव्वीस वर्षं नोकरी करून ताई स्वेच्छेनं निवृत्त झाल्या, लेफ्टनंट कर्नल म्हणून. सासरे तोवर गेले होते, सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या. सगळ्यांना वाटलं, ताई आता पुण्यात फ्लॅट घेतील. त्या आल्या विक्रोळीला, आमच्याच बिल्डिंगमध्ये तळमजल्याची एक खोली घेऊन राहिल्या आणि आईचं सगळं केलं. सासूबाईंच्या पाठीला शेवटपर्यंत एक जखम झाली नाही. अडीच वर्षं अंथरुणात असलेल्या माणसाला जखम न होणं म्हणजे काय, ते ज्यांनी केलंय त्यांनाच कळेल. शेवटी शेवटी सासूबाई त्यांचा हात धरून म्हणायच्या, "माझी घाण काढतंस गो." आणि ताई म्हणायच्या, "तेच शिकायला बाबांनी धाडलं ना."

आई गेल्यावर ताई रिकाम्या बसल्या असतील तर एक आठवडा. मग वस्तीत क्षयाचे पेशंट गोळ्या मधेच सोडतात म्हणून त्यांच्या घरोघरी जाऊ लागल्या. सकाळी सात वाजता दारात हजर. "गोळी घे, पाणी पी, तोंड उघडून दाखव." मोठमोठे दारुडे त्यांना बघून पळायचे आणि दुसऱ्या गल्लीत त्या समोर उभ्या असायच्या. तिथेच त्यांचं नाव कर्नलताई पडलं.

महापालिकेची निवडणूक आली, वॉर्ड महिलांसाठी राखीव झाला, आणि एका पक्षाची माणसं आमच्या जिन्यावर येऊन बसली. ताई आधी नाही म्हणाल्या. मग म्हणाल्या, "दवाखान्यात औषध नाही म्हणून मी रोज भांडते. भांडायची जागा बदलून बघू." पहिल्या सभेत कुणीतरी ओरडलं, पाण्याचं काय? दुसरा कोणी असता तर चोवीस तास पाणी देऊन मोकळा झाला असता. ताई माइकवर म्हणाल्या, "पाणी कधी नीट येईल ते मला आज माहीत नाही. नाही आलं तर मी कुठे सापडेन ते सांगते. तळमजला, खोली नंबर तीन." पक्षाच्या माणसांनी कपाळाला हात लावला. ताई निवडून आल्या. लोक खरंच खोली नंबर तीनला यायचे. त्या प्रत्येकाला बसवून ऐकायच्या आणि जाताना त्यालाच काहीतरी काम लावून द्यायच्या. गटाराची तक्रार घेऊन आलेला माणूस आठ दिवसांनी गटारावर देखरेख करताना दिसायचा.

पुढच्याच विधानसभेला त्यांना तिकीट मिळालं, आणि आमदार होऊन दोन वर्षं होतात न होतात तोच त्या राज्यमंत्री झाल्या. शपथविधीला आम्ही गेलो होतो. जयवंतनं उसना कोट घातला होता. ताई चालत मंचावर गेल्या, पाठ ताठ, पावलं मोजल्यासारखी. त्यांचा आवाज ऐकला आणि जयवंतनं माझा हात इतका घट्ट धरला की बांगडी फुटली. त्याच्या डोळ्यांपुढे काय होतं ते मला कळत होतं. गेटवर स्टूल टाकून बसलेला त्याचा बाप.

आता जे सांगायचं ते सांगते.

दोन वर्षांपूर्वी मे महिन्यात आमची मुलगी रुचिरा सातव्या महिन्यातच बाळंत झाली. मुलगी झाली, वजन दीड किलोच्या आत. पूर्व उपनगरातल्या एका सरकारी रुग्णालयात तिला ठेवलं होतं. नाव सांगत नाही, तिथे आजही चांगली माणसं काम करतात. खाजगीत न्यायचं का, असं जयवंत म्हणाला होता. ताई म्हणाल्या, "माझ्या खात्याच्या इस्पितळात माझीच भाची जायला घाबरत असेल, तर मी त्या खुर्चीत कशाला बसू?"

बाळ सहा दिवसांचं असताना ताई भेटायला आल्या. दुपारचे तीन वाजले असतील. बरोबर फक्त त्यांचा अंगरक्षक, किरण नावाचा सहा फुटी हवालदार. दुसऱ्या मजल्यावर नवजात बाळांचा कक्ष. अकरा बाळं, दोन नर्स, प्रबुद्ध नावाचा एक तरुण डॉक्टर. आम्ही काचेबाहेर उभे होतो आणि वीज गेली.

अशा वेळी जनरेटर काही सेकंदांत सुरू व्हायला हवा. झाला नाही. एक मिनिट, दोन मिनिटं. आत यंत्रं बॅटरीवर चालत होती आणि सगळी एकदम वाजायला लागली होती. डॉक्टरनं खाली फोन लावला, ऐकलं, आणि त्याचा चेहरा उतरला.

ताई आत शिरल्या, मी आणि किरण मागोमाग. त्यांनी पदर कमरेला खोचला, घड्याळ काढून माझ्या हातात दिलं आणि कोपरापर्यंत हात धुतले. "डॉक्टर, श्वासाच्या यंत्रावर किती?"

"चार, मॅडम. बॅटरी जेमतेम दहा-पंधरा मिनिटं."

"बाकीची सात बाळं आपापल्या आयांच्या छातीवर द्या. उघड्या अंगाशी, वरून पांघरूण. आयांना बोलवा." हे सगळं अगदी खालच्या आवाजात. "चार फुगे काढा. एक तुम्ही, एक सिस्टर, एक मी. दुसऱ्या सिस्टर सगळ्यांवर फिरतील. किरण, हात धू."

किरण जागच्या जागी उभा. "मॅडम, मी?"

"तू. इकडे बघ." बाळाच्या तोंडातल्या नळीला जोडायचा तो रबरी फुगा माझ्या मुठीएवढा होता. ताईंनी त्याची दोन बोटं आणि अंगठा त्यावर ठेवला. "एवढ्यानंच दाबायचं. पूर्ण मुठीनं नाही. मनात म्हणायचं, दाब, दोन, तीन. दाब, दोन, तीन. छाती वर येतेय का बघ. आली ना? आता तूच याचा श्वास आहेस. इकडेतिकडे बघू नकोस."

आया धावत आल्या. रुचिराच्या छातीवर तिची मुलगी दिली. ताईंनी मला सांगितलं, "सुलू, हिच्या ओठांचा रंग बघत राहा. निळसर दिसला की तळपायाला टिचकी मार आणि सिस्टरला हाक मार." तेवढंच. त्यानंतर त्यांनी आमच्या बाळाकडे एकदाही मान वळवली नाही. सगळ्यात आजारी जे बाळ होतं, नऊशे ग्रॅमची एक मुलगी, ते त्यांनी स्वतःकडे घेतलं होतं.

घड्याळ माझ्या हातात होतं म्हणून मला माहीत आहे, वीज सत्तेचाळीस मिनिटांनी आली. तेवढा वेळ त्या खोलीत कोणी रडलं नाही, कोणी ओरडलं नाही. उकाड्यानं जीव जात होता. किरणच्या नाकावरून घाम टपकत होता आणि तो ओठ हलवत होता, दाब, दोन, तीन. ताईंचं वय तेव्हा छप्पन्नच्या पुढे. त्यांची बोटं एका लयीत चालली होती, जणू ती बाई आणि ते बाळ यांच्यामध्ये दुसरं जगच नव्हतं. मी देवळात गेले आहे, मोठ्या मोठ्या माणसांच्या पाया पडले आहे. पण समोर जे चाललंय त्यापुढे आपण काहीच नाही, हे मला त्या दुपारी कळलं.

चाळिसाव्या मिनिटाला डॉक्टर प्रबुद्धनं आपला फुगा फिरत्या सिस्टरच्या हाती दिला आणि ताईंच्या बाळाला स्टेथोस्कोप लावला. बराच वेळ ऐकलं. मग हळूच म्हणाला, "मॅडम."

"माहीत आहे," ताई म्हणाल्या. तरी त्यांनी आणखी काही मिनिटं बोटं थांबवली नाहीत. मग थांबल्या. बाळाचं टोपडं सरळ केलं, त्याला फडक्यात नीट गुंडाळून सिस्टरकडे दिलं, आणि वळून किरणच्या शेजारी आल्या. "तुझी बोटं दमली. मला दे, दोन मिनिटं बस." वीज आली तेव्हा त्या किरणचं बाळ सांभाळत होत्या.

दहा बाळं वाचली. दुसऱ्या दिवशी पेपरांत ताईंचा फोटो होता. लोकांनी चौकात बॅनर लावले. जयवंत दिवसभर फोन घेत होता.

तिसऱ्या दिवशी सकाळी ताई आमच्या घरी आल्या. मी कोळंबी सोलत होते. त्या माझ्यासमोर स्टुलावर बसल्या आणि म्हणाल्या, "त्या इस्पितळाचा जनरेटर दुरुस्त करायची फाईल एकोणीस दिवस माझ्या टेबलावर होती."

जयवंतनं फोन खाली ठेवला.

"एकाच कंत्राटदाराचं नाव तिसऱ्यांदा आलं होतं. मला संशय आला. का, असं विचारून मी फाईल अडवली. उत्तर आलं नाही आणि मी पाठपुरावा केला नाही. बाकी शंभर फाइली होत्या."

"पण ताई, तू बरोबरच विचारलंस ना?" जयवंत म्हणाला.

"बरोबर विचारलं. आधी जनरेटर चालू करून घ्यायला हवा होता, मग विचारायचं. एवढं मला कळायला हवं होतं. मी इस्पितळाच्या वॉर्डातली बाई आहे."

"कोणाला ठाऊक आहे?"

"मला."

मी म्हणाले, "मग आता?"

"आधी त्या मुलीच्या आईला सांगायचं. चल माझ्याबरोबर. एकटीनं जमेल असं वाटत नाही." इतक्या वर्षांत ताईंनी स्वतःसाठी मागितलेली ती पहिली मदत.

बाळाच्या आईचं नाव गंधाली. भांडुपच्या टेकडीवर राहणारी, कपडे शिवायच्या कारखान्यात कामाला. तेवीस वर्षांची असेल. ताईंना बघून घरातली माणसं हात जोडून उभी राहिली. कोणी खुर्ची पुसली. ताई बसल्या नाहीत. उभ्या उभ्याच त्यांनी सगळं सांगितलं, मला सांगितलं तसंच, एक शब्द कमी नाही की जास्त नाही. गंधालीची सासू ओरडायला लागली. गंधाली ओरडली नाही. ती म्हणाली, "तुम्ही जा." आम्ही टेकडी उतरलो. ताईंनी खाली येईपर्यंत माझा खांदा धरला होता.

संध्याकाळी त्यांनी पत्रकारांना बोलावलं आणि तेच सांगितलं. मुख्यमंत्री त्यांना म्हणाले होते की राजीनाम्याची गरज नाही, लोक तुमची आरती ओवाळतायत. ताईंनी राजीनामा दिला. ज्या चौकात बॅनर होते तिथे आठ दिवसांत दुसरे बॅनर लागले, आणि त्यांवर काय होतं ते मी सांगणार नाही. चौकशी झाली. कंत्राटदारानं वर्षभर जनरेटरला हातच लावला नव्हता असं निघालं. राज्यमंत्र्यांवर थेट ठपका नाही, असं अहवालात लिहिलं होतं. ताईंनी तो वाचला, घडी केली आणि कपाटात ठेवला. पण खुर्ची सोडायच्या आधी त्यांनी एक काम करून घेतलं होतं. ज्या यंत्रांवर रोग्याचा श्वास अवलंबून आहे, त्यांच्या दुरुस्तीला मंत्र्यांच्या सहीची वाट बघायची नाही, रुग्णालयाच्या प्रमुखांनीच सही करायची. तो त्यांच्या सहीचा शेवटचा कागद.

पुढची निवडणूक त्या लढल्या नाहीत. आता आठवड्यातून दोन दिवस नर्सिंगच्या मुलींना शिकवायला जातात. प्लॅस्टिकच्या बाहुलीवर फुगा कसा दाबायचा ते शिकवतात. रुचिराची मुलगी घरभर धावते आणि आईचं ऐकून ताईंना "आत्या"ऐवजी "आत्ता" म्हणते. ताई तिला मांडीवर घेतात, पण त्या दुपारविषयी कधी बोलत नाहीत.

गेल्या मार्चमध्ये गंधाली खोली नंबर तीनच्या दारात आली. मी तिथेच भाजी निवडत होते. तिला पाचवा महिना होता. ताई उठून उभ्या राहिल्या.

गंधाली आत आली नाही. म्हणाली, "तुम्ही सांगितलं नसतं तर मी देवाला दोष देऊन गप्प बसले असते. आता तुमचा राग येतो. रोज येतो."

"येणारच," ताई म्हणाल्या.

"माफ वगैरे केलेलं नाही मी."

"मी मागितलेलं नाही, बाळ. मागायची हिंमत नाही."

गंधालीनं पर्समधून केसपेपर काढला. दुसऱ्या एका सरकारी प्रसूतिगृहात तिचं नाव घातलं होतं. "डॉक्टर चांगले आहेत. सगळं चांगलं आहे. पण मला झोप लागत नाही. तिथला जनरेटर चालतो का, ते मला कोण सांगणार? कोणाला विचारलं तर हसतात."

ताईंनी केसपेपर दोन्ही हातांनी घेतला, चष्मा लावून वाचला. "उद्या सकाळी दहाला ये. आपण जाऊन बघू."

दुसऱ्या दिवशी मीही गेले. तिथले अधीक्षक ताईंना ओळखत होते. आधी ते म्हणाले, मॅडम, लॉगबुक दाखवतो. ताई म्हणाल्या, "लॉगबुक हिच्या काय कामाचं? मेन स्विच बंद करा. कुठलं ऑपरेशन चालू नाही ना, ते बघून मग करा." पंधरा मिनिटं विचारपूस झाली, वॉर्डांत सांगून आले, आणि आम्ही मागच्या आवारात त्या हिरव्या पत्र्याच्या खोलीसमोर उभे राहिलो. गंधाली मधे, पोटावर हात. इलेक्ट्रिशियननं खटका खाली ओढला.

वरच्या मजल्यावरचे पंखे थांबले. ताई मोठ्यानं मोजू लागल्या. एक, दोन, तीन. सातला खोलीतून धडधड सुरू झाली, पत्रा थरथरला, आणि खिडकीतल्या ट्यूबलाइट लागल्या.

गंधाली एकेका खिडकीकडे बघत गेली.

"पुन्हा बघायचंय?" ताईंनी विचारलं.

"हो," ती म्हणाली. "पुन्हा."

ताईंनी इलेक्ट्रिशियनकडे बघून मान हलवली.